सोपाऱ्याचा थ्राकी

सेरापियोनने दोरीचं एक टोक माझ्या खांद्याला लावलं, दुसरं मनगटापर्यंत ओढलं आणि मान हलवली. मग खाली बसून त्याने माझ्या पोटऱ्या दाबून पाहिल्या. बाजारात बैल घेताना दाबतात, तशाच.

"कुठला तू?"

"सोपाऱ्याचा."

"हे कुठे आलं?"

"समुद्रापलीकडे. तुमची जहाजं मिरी आणि सुती कापड भरायला येतात, त्या किनाऱ्यावर."

"म्हणजे इंडियाचा." तो उठला आणि त्याने हात झटकले. "इंडियाचं सोंग आमच्याकडे नाही. तू बुटका आहेस, पायाने हलका आहेस. उद्यापासून तू थ्राकी."

थ्राकी म्हणजे काय, हे मला तेव्हा ठाऊक नव्हतं. मी सातिमित, जहाजाचा सुतार. सोपाऱ्याच्या खाडीवर माझे वडील जहाजं बांधत. त्यांच्या हाताखाली काम शिकलो, बंदरात यवनांची, म्हणजे ग्रीकांची, भाषा शिकलो आणि तरुणपणीच्या हौसेने एका यवन व्यापाऱ्याच्या जहाजावर चढलो. तांबड्या समुद्रात ते जहाज खडकावर फुटलं. किनाऱ्यावरच्या टोळीवाल्यांनी आम्हा वाचलेल्यांना पाण्याबाहेर ओढलं, खायला घातलं आणि विकलं. हातोहात फिरत मी मिसर देशातल्या अलेक्झांड्रिया शहरात, सेरापियोनच्या आखाड्यात येऊन पडलो. रोमन लोकांच्या करमणुकीसाठी तो माणसं झुंजीला तयार करायचा. त्या माणसांना तिकडे ग्लॅडिएटर म्हणत.

मला एका कोठडीत नेऊन सोडलं. आत एक धिप्पाड माणूस भिंतीला टेकून जवाची पेज पीत बसला होता. केस तांबूस, दंडावर निळं गोंदण. त्याने वाडगं खाली ठेवलं.

"तुला काय केलं?"

"थ्राकी," मी म्हणालो.

तो गालात हसला. "थ्राकी मी आहे. यवनांच्या उत्तरेला, थ्रेसच्या डोंगरात जन्मलेला. मला त्यांनी गॉल केलंय."

"मग तुला थ्राकी का नाही केलं?"

"माझं अंग बघ. थ्राक्याची ढाल सुपाएवढी. तिच्यामागे माझं अर्धं अंगही झाकलं जात नाही. गॉलची ढाल दाराएवढी असते, तिच्यामागे मी बसतो."

त्याचं नाव बिथुस. बरीच वर्षं तो त्या आखाड्यात होता आणि अजून जिवंत होता, म्हणजे कामात पक्का असणार. त्या पहिल्याच दुपारी त्याने मला सगळा प्रकार समजावून दिला. फार पूर्वी रोमन लोक ज्यांना हरवत, त्यांना त्यांच्याच हत्यारांनिशी रिंगणात उतरवत. सॅम्नी उतरले, गॉल उतरले, थ्राकी उतरले. लोकांना घरबसल्या परमुलुखाचं युद्ध बघायला मिळायचं.

"ती माणसं मेली," बिथुस म्हणाला, "हत्यारं तेवढी राहिली. आता ज्याच्या अंगाला जे बसेल ते चढवतात. सॅम्नी पुढे रोमन लोकांचे सोयरे झाले. मग सोयऱ्यांच्या नावाचं सोंग बरं दिसेना, तर ते नावच काढून टाकलं. गॉललाही आता मुर्मिलो म्हणतात, त्याच्या शिरस्त्राणावरच्या माशावरून. पण सेरापियोनला जुनंच नाव आवडतं. गॉल म्हटलं की लोक जास्त ओरडतात."

अंगणात एकजण खांद्यावर जाळं टाकून पळत होता, हातात त्रिशूळ. मी त्याच्याकडे बोट दाखवलं. "आणि हा कुठल्या देशाचा?"

"कुठल्याच नाही. जाळं फेकून लढाई करणारी माणसं मी तरी ऐकलेली नाहीत. ते सोंग रोमन लोकांनी स्वतःच काढलं." त्याने पुन्हा वाडगं उचललं. "शेजारच्या कोठडीतला भालेवाला ग्रीक म्हणून लढतो. तो इथल्याच नदीकाठचा, कुंभाराचा मुलगा आहे."

थ्राक्याची तलवार वाकडी असते, विळ्यासारखी. मोठ्या ढालीच्या कडेवरून आत शिरून पाठीला लागावी म्हणून. आखाड्यातले वस्ताद ती सरळ तलवारीसारखीच चालवायला शिकवत. बिथुसने मला वेगळं शिकवलं. रोजचा सराव संपला की अंगणाच्या कोपऱ्यात तो लाकडी तलवार घ्यायचा आणि मनगट कसं वळवायचं ते दाखवायचा.

"हे आमच्याकडचं. बापाने शिकवलंय," एकदा तो म्हणाला आणि लगेच विषय बदलला.

डोंगर, घोडे, बर्फ यांबद्दल तो भरभरून बोलायचा. घरच्यांबद्दल मात्र अवाक्षर काढत नसे. त्याने मला आपली भाषाही शिकवली. सेरापियोनला वाटायचं, रिंगणात ओरडायला थ्राक्याला चार थ्राकी शब्द यावेत, म्हणून बिथुस शिकवतोय. खरं कारण मला लवकरच कळलं. त्याला ती भाषा बोलायला कुणीतरी हवं होतं. माझे उच्चार ऐकून तो डोळे पुसेपर्यंत हसायचा. मी त्याला माझ्या भाषेतले शब्द सांगायचो, तेव्हा माझी पाळी असायची. भात या शब्दाशी त्याने बरीच झटापट केली. तो पदार्थ त्याने कधी पाहिलाच नव्हता.

मी चार-पाच झुंजी लढलो. दोन हरलो, दोन्ही वेळा लोकांनी जीवदान दिलं. दर वेळी पुकारा व्हायचा, "थ्रेसच्या बर्फाळ डोंगरातून आलेला..." आणि मी सोपाऱ्याचा सातिमित, शिरस्त्राणाच्या जाळीआड घामाने निथळत उभा असायचो. तोंड झाकलेलं असायचं, त्यामुळे खोटं उघडं पडायचा प्रश्नच नव्हता.

मग एका बड्या रोमन अधिकाऱ्याने खेळ जाहीर केले. त्याच सुमारास शहराबाहेरच्या छावणीत घोडदळाची एक नवी तुकडी आली होती. ते सगळे स्वार थ्रेसचे. अधिकाऱ्याला त्यांना खूष करायचं होतं. सेरापियोन आमच्या कोठडीच्या दाराशी आला तेव्हा त्याचा चेहरा फुलला होता.

"थ्राकी आणि गॉल," तो म्हणाला. "तुम्ही दोघं. स्वार पुढच्या रांगेत बसणार आहेत. गॉल हरला तर शहर डोक्यावर घेतील."

"आम्ही एका कोठडीतले आहोत, मालक," मी म्हणालो.

"म्हणून तर. एकमेकांचा हात ओळखता. झुंज रंगेल."

तो गेल्यावर बिथुस वाडग्याच्या कडेवरून बोट फिरवत बसला. मला वाटलं, माझ्याशी लढायचं म्हणून. पण त्याने विचारलं, "कुठल्या भागातले स्वार आहेत म्हणाला?"

"ते नाही बोलला."

"हं." मग तो नेहमीच्या आवाजात म्हणाला, "रिंगणात मी तुझा कोणी नाही, तू माझा कोणी नाहीस. हात आखडू नकोस. आखडला की पंचाला कळतं, आणि मग दोघांच्याही पाठीची सालं निघतात."

"तूही आखडू नकोस."

"मी कशाला आखडू? मी गॉल आहे," तो म्हणाला.

खेळाच्या दिवशी ऊन कडक होतं. वाळू नुकतीच शिंपडली होती, तिचा ओला वास येत होता. आमच्या आधी जाळेवाल्याची झुंज झाली, ती लवकर आटोपली. मग आमचा पुकारा झाला. थ्रेसचं नाव निघालं आणि पुढच्या रांगेतून असा काही गजर उठला की माझ्या हातातली ढाल थरथरली. मी ठरल्याप्रमाणे तलवार उंचावून बिथुसने शिकवलेले शब्द ओरडलो. स्वार बाकांवर उभे राहिले. तितकं प्रेम त्या शहरात मला कधी कुणी दिलं नव्हतं, आणि ते माझं नव्हतं.

गॉलचा पुकारा झाला तेव्हा तेच लोक थुंकले.

बिथुस सुरुवातीला नेहमीसारखाच लढला. ढालीआड बसून हळूहळू पुढे सरकायचा, मला कुंपणाकडे रेटायचा. मी गोल फिरत त्याची कड शोधत होतो. त्याने एकदा ढालीचा असा दणका दिला की मी गुडघ्यावर आलो आणि कसाबसा निसटलो. हात कोणीही आखडला नव्हता.

स्वारांमधला एक तरुण आवाज बाकीच्यांपेक्षा वर चढत होता. शिरस्त्राणातून मला शब्द नीट कळत नव्हते, 'गॉल' आणि 'गळा' तेवढे कळले. मागून कुणीतरी त्या तरुणावर ओरडलं, बहुतेक खाली बस म्हणून. त्याला नावाने हाक मारली असावी. ती हाक ऐकली आणि बिथुस थांबला.

तो खरोखरच थांबला. त्याची ढाल वीतभर खाली आली. शिरस्त्राणाचं तोंड माझ्याकडून वळून पुढच्या रांगेकडे गेलं. माझा हात तेव्हा आधीच सुटलेला होता. त्यानेच शिकवल्याप्रमाणे मनगट वळलं, तलवार ढालीच्या कडेने आत गेली आणि त्याच्या मांडीत मागच्या बाजूने खोल उतरली. तो बसल्यासारखा खाली आला, मग कुशीवर पडला.

पंचाने काठी आडवी घातली. हरलेल्याने बोट वर करून जीवदान मागायचं, अशी रीत होती. बिथुसने बोट वर केलं नाही.

"बिथुस, बोट," मी हलक्या आवाजात म्हणालो.

तो हलला नाही. पुढची रांग एका सुरात ओरडत होती. तो तरुण आवाज सगळ्यांच्या वर होता. आता मला शब्द कळत होते. "गॉलला कापा." अधिकारी आसनावर पुढे झुकला होता. स्वारांच्या मनाविरुद्ध जायचं त्याला काहीच कारण नव्हतं.

मी बिथुसजवळ गुडघा टेकला. हरलेल्याजवळ असंच बसायचं असतं, पुढच्या हुकुमासाठी. त्याच्या शिरस्त्राणाच्या जाळीतून थ्राकी भाषेत शब्द आले.

"त्यांना सांगू नकोस."

"काय सांगू नको?"

"मी कोण ते. लवकर कर आणि सांगू नकोस. मानेजवळ, उजवीकडून."

मी बऱ्याच जणांना नंतर ही गोष्ट सांगितली आहे, आणि सगळे विचारतात की त्या वेळी मी काय विचार केला. मी विचार केला नाही. माणूस मित्राचं ऐकतो किंवा ऐकत नाही. मी तलवार वाळूत टाकली, त्याच्या हनुवटीखालचा पट्टा सोडला आणि ते माशाचं चिन्ह असलेलं शिरस्त्राण ओढून काढलं. मग माझंही काढलं.

आरडाओरडा मधेच तुटला. तांबूस केसांचा गॉल आणि काळा थ्राकी. मागच्या रांगांमधून कुणीतरी हसलं.

मी उठून पुढच्या रांगेसमोर गेलो. पंच काठी घेऊन धावत आला, पण अधिकाऱ्याने हात वर करून त्याला थांबवलं. त्याला कुतूहल वाटलं असावं. मला येत होती तेवढी थ्राकी भाषा मी बोललो.

"हा तुमचा. मी नाही. मी सोपाऱ्याचा, समुद्रापलीकडचा. हा थ्रेसचा. तलवार यानेच मला शिकवली. बोलायला यानेच शिकवलं."

पिकल्या मिशांचा एक म्हातारा स्वार बाकांवरून खाली उतरला आणि कठड्याला धरून वाकला. त्याचं नाव स्यूथ, हे मला नंतर समजलं. तो माझ्याकडे बघतही नव्हता.

"कुणाचा रे तू?" त्याने बिथुसला विचारलं.

बिथुस कोपरावर उठला होता. रक्त वाळूत जिरत होतं. तो उत्तर देईना. म्हाताऱ्याने पुन्हा तेच विचारलं, आणखी हळू, घरातल्या कुणाला विचारावं तसं. त्या भाषेत तो प्रश्न त्याला किती वर्षांनी कुणी विचारला असेल, देव जाणे.

"तार्सासचा," बिथुस शेवटी म्हणाला. "वरच्या घाटातल्या तार्सासचा. थोरला."

स्यूथने डोळे मिटले आणि उघडले. मग तो वळला आणि त्याने अधिकाऱ्याच्या दिशेने हात पसरले. त्याच्या मागे एकेक करून सगळे स्वार उठले आणि त्यांनी हात पसरले. फक्त एकजण बसून होता. मघापासून उभा राहून ओरडत होता तोच, मिसरूड फुटलेला तरुण. त्याचं डोकं गुडघ्यांत होतं.

अधिकाऱ्याने जीवदान दिलं. मला त्याने नंतर फळांची टोपलीही पाठवली. त्याच्या खेळांची शहरभर चर्चा झाली होती.

सेरापियोनला मात्र ते मानवलं नाही.

"तू माझा थ्राकी बुडवलास," तो म्हणाला. तो ओरडत नव्हता, खरोखर दुःखात होता. "आता तुझं तोंड सगळ्यांनी पाहिलंय. तुला काय म्हणून उतरवू?"

"सुतार म्हणून ठेवा, मालक."

त्याने तेच केलं. मी फुटलेल्या ढाली दुरुस्त करू लागलो. बिथुसची जखम भरली, पण पाय कायमचा लंगडा झाला. झुंजीला तो निकामी होता. स्वारांनी सेरापियोनशी बोलणं केलं आणि एक दिवस गाडी आणून त्याला छावणीत घेऊन गेले. त्या दिवशी मी नदीकाठी लाकूड आणायला गेलो होतो. परतलो तर कोठडीत त्याचं वाडगं तेवढं होतं.

त्यानंतर काही आठवड्यांनी एक जाडजूड यवन व्यापारी आखाड्यात आला. नाव हर्मियास.

"भर रिंगणात सोपारा म्हणाला तो तूच का?"

"मीच."

"मी तिथे होतो, वरच्या बाकांवर. माझ्या बायकोला वाटलं, तू काहीतरी शिवी दिलीस. मी म्हटलं, अगं, हे गाव आहे, मी तिथे दोनदा जाऊन आलोय." त्याने माझ्या हातातला रंधा पाहिला. "खाडीच्या तोंडाशी गाळ कुठल्या हाताला आहे?"

मी सांगितलं. उत्तरेचा गाळ, मधला खडक, ओहोटीला जहाज कुठे लावायचं, सगळं. बोलता बोलता मी भुशात बोटाने खाडी काढली. हर्मियासचा सुतार तापाने वारला होता आणि वाऱ्यांचा मोसम जवळ आला होता. त्याने मला सेरापियोनकडून सोडवून घेतलं.

निघायच्या दिवशी सकाळी मी वाट वाकडी करून छावणीत गेलो. बिथुस घोड्यांच्या पागेत होता. एका घोडीचा खूर मांडीवर घेऊन साफ करत होता. मला पाहून तो उठला नाही, पण सरकून बसायला जागा केली.

"चाललास," तो म्हणाला.

"हो. घरी."

"बरं झालं."

पागेच्या दुसऱ्या टोकाला एक तरुण स्वार गवत टाकत होता. मी त्याला ओळखलं. त्यानेही मला ओळखलं असावं, कारण तो पाठ फिरवून उभा राहिला.

"रागावलास का माझ्यावर?" मी विचारलं.

बिथुसने आधी खुरातला खडा काढला.

"रागावलो होतो. आता काय ते कळत नाही." त्याने त्या तरुणाकडे मान हलवली. "तो दिझास. मला धरून नेलं तेव्हा आईच्या पाठीवर बांधलेला होता. त्या दिवशी मागचे लोक त्याला ओरडले, तार्सासच्या पोरा, दिझास, बस खाली. तेवढं मी ऐकलं."

मी दिझासच्या पाठीकडे पाहिलं.

"तो माझा गळा मागत होता," बिथुस शांतपणे म्हणाला. "त्यात त्याची काय चूक? तो गॉलचा गळा मागत होता. मी म्हटलं, मागू दे. गॉल मेला, खेळ झाला, असं म्हणून पोरगं छावणीत परत जाईल, दारू पिईल, झोपेल. त्याला कधी कळणार नाही. तेवढंच मला त्याच्यासाठी करता येण्यासारखं होतं. आणि तू शिरस्त्राण काढलंस."

"मला ठाऊक नव्हतं."

"ठाऊक असतं तर?"

मी घोडीच्या मानेवरून हात फिरवला. "तरी काढलं असतं."

त्याने मान डोलावली. "आई अजून आहे, त्याने सांगितलं. आंधळी झालीये. बाप गेला." मग खूर खाली सोडत म्हणाला, "दिझास माझ्यासमोर जेवत नाही. माझं ताट आधी वाढतो आणि बाहेर जाऊन बसतो. होईल हळूहळू. मी त्याला घोड्याचा खूर धरायला शिकवतोय. एवढा स्वार झाला, पण खूर नीट धरता येत नाही."

तो हसला, तेव्हा मला पुन्हा आमची कोठडी आठवली. आम्ही फार वेळ बसलो नाही. उठताना त्याने माझे दोन्ही खांदे धरले, आणि मोडक्यातोडक्या उच्चारात माझ्या भाषेत म्हणाला, "भात खा."

मी बोचकं उचलून निघालो. छावणीच्या फाटकाबाहेर आलो तर मागून पावलं ऐकू आली. दिझास होता. तो माझ्या बरोबरीने चालू लागला. नाव लागली होती त्या कालव्यापर्यंत वाट मोकळ्या माळावरून जात होती. मी त्याच्याकडे चोरून पाहिलं. हनुवटी थेट बिथुसची होती.

"एक विचारू?" शेवटी तो म्हणाला.

"विचार."

"त्याचं तोंड उघडं केल्यावरही अधिकाऱ्याने नाही म्हटलं असतं, तर तू तलवार चालवली असतीस?"

खोटं बोलणं सोपं होतं. मी परका, थोड्या वेळात नावेत बसणार, पुन्हा कधी भेटणार नव्हतो. पण तो इतका तरुण होता, आणि उत्तरासाठी चालता चालता थांबला होता.

"हो," मी म्हणालो. "नाहीतर दोघंही मेलो असतो. चालवली असती."

"तूसुद्धा," तो म्हणाला. त्याच्या चेहऱ्यावरचं काहीतरी सैल झालं. मग त्याने माझ्या खांद्यावरचं बोचकं काढून आपल्या खांद्यावर घेतलं आणि पुढे चालू लागला.

नावेत चढेपर्यंत त्याने ते मला परत दिलं नाही.